श्रीसंत गाडगेबाबा : अडलं तरी थांबले नाहीत



आपल्या दिंडीला शंभर वर्षं झाली म्हणून हे पुस्तक निघतंय. मंडळींनी मला सांगितलं की तुम्हीही एखाद्या संताचं चरित्र लिहून द्या. मी चौथी शिकलेला माणूस. बहात्तरच्या दुष्काळात शाळा सुटली ती सुटलीच. हातात कासरा आणि टाळ, लेखणी कधीमधी. पण कीर्तनात उभं राहून बोलायची सवय आहे, तर जसं बोलतो तसंच लिहितो. गोड करून घ्यावं.

ज्ञानोबा-तुकोबांवर अधिकारी माणसं लिहितील. मी गाडगेबाबांचं चरित्र घेतलं आहे, आणि त्याला कारण आहे. आपल्या दिंडीचं पहिलं पाऊल पंढरीच्या वाटेवर पडलं तेव्हा बाबा हयात होते. त्या वर्षांत ते पंढरीत वारकऱ्यांसाठी धर्मशाळा उभ्या करत होते. आपल्या आज्या-पणज्यांपैकी कुणी त्यांना वाळवंट झाडताना बघितलंही असेल. दुसरं असं की वारीला निघालं की रोज काहीतरी अडतं. गाडीचा आख मोडतो, राहुटी फाटते, पाऊस येतो, मुक्कामाची जागा ऐनवेळी हातची जाते, पाण्याचा टँकर येत नाही. मग विणेकरी चोपदाराच्या तोंडाकडे बघतो अन् चोपदार आभाळाकडे. अशा वेळी काय करावं हे गाडगेबाबांच्या चरित्रात जसं सापडतं तसं मला दुसरीकडं कमी सापडलं. म्हणून आता त्यांची कथा ऐका.

बाबांचा जन्म 23 फेब्रुवारी 1876 रोजी झाला. गाव शेंडगाव, अमरावती जिल्हा, वऱ्हाड. घर परटाचं. वडिलांचं नाव झिंगराजी, आईचं नाव सखुबाई. मुलाचं नाव डेबू ठेवलं. वऱ्हाडची जमीन काळी, कापूस आणि ज्वारी पिकणारी. पण जमीन चांगली म्हणून माणसाचे दिवस चांगले येतात असं नाही. त्या काळी देवाला कंदुरी, देवाला दारू, मग तीच प्रसाद म्हणून घरात. झिंगराजी त्या दारूच्या नादी लागले आणि तिनेच त्यांना नेलं. डेबू तेव्हा आठ वर्षांचा. घरात कमावणारं कुणी नाही. सखुबाईने पोराचा हात धरला आणि माहेरची वाट धरली. मूर्तिजापूर तालुक्यातलं दापुरे हे तिचं माहेर. तिथं डेबूचे मामा चंद्रभान शेती करत होते.

मामाच्या घरी राहायचं म्हणजे काय असतं हे ज्यांनी भोगलंय त्यांना सांगायला नको. आठ वर्षांच्या पोराला भाकरी फुकट मिळत नाही. डेबू गुरं राखायला लागला. सकाळी गुरं घेऊन रानात, दिवस मावळला की गोठा. पण रानात त्यानं एक गोष्ट केली. बाकीची गुराखी पोरं गोळा केली आणि भजन सुरू केलं. साथीला काय असणार रानात? जे हाताला लागेल ते वाजवायचं. पुढं बाबांच्या कीर्तनाला जी हजारोंची गर्दी व्हायची, तिची सुरुवात अशी गुरांमागं झाली.

पोर मोठं झालं, अंगात बळ आलं, आणि डेबू औताला लागला. शेतीत असा रमला की दापुऱ्यात त्याच्यासारखा कष्टाळू गडी नाही असं लोक म्हणू लागले. 1892 साली लग्न झालं, पत्नीचं नाव कुंताबाई. आता घर मार्गी लागलं असं वाटत होतं, तेवढ्यात दुसरा घाव बसला.

मामांनी सावकाराचं कर्ज काढलं होतं. मामा भोळे होते, लिहिता-वाचता येत नव्हतं. पैसे फेडत गेले पण पावती मागितली नाही. कागद पुढं आला की अंगठा करायचा. कागदात काय लिहिलंय ते सावकाराला माहीत. एक दिवस कळलं की शेत आपलं राहिलं नाही. त्या धक्क्यानं मामा खचले आणि गेले. डेबूलाही अक्षरओळख नव्हती. कागदाशी भांडायचं कसं? तरी तो हातपाय गाळून बसला नाही. सांगतात की जप्ती घेऊन माणसं बांधावर आली तेव्हा डेबू शेतात औत धरून उभा राहिला आणि हटला नाही. पण कागदापुढं मनगट किती दिवस टिकणार? हा प्रसंग तुम्ही नीट ध्यानात ठेवा. अंगठ्यानं घर बुडालं, हे त्या माणसाच्या मनात असं कोरलं गेलं की पुढं त्यांनी जे जे उभं केलं त्याच्यावर या प्रसंगाची छाप आहे. ते पुढं सांगतो.

संसारात मुलं झाली. थोरली मुलगी आलोका. तिच्या बारशाला भाऊबंद जमले. जातीत रीत अशी की बारशाला बकरं कापायचं आणि दारू द्यायची. तसं केलं नाही तर पंगत उठून जाते, नावं ठेवतात, प्रसंगी वाळीत टाकतात. आपल्या गावगाड्यात भाऊबंदकीचा दाब काय असतो ते आपण जाणतो, सरकारचा हुकूम एकवेळ मोडवेल पण भाऊबंदांचा मोडवत नाही. बापाला दारूनं नेलेलं डेबूजी विसरले नव्हते. त्यांनी भांडण काढलं नाही, भाषण केलं नाही. सरळ गोडधोडाचा स्वयंपाक केला आणि पानात बुंदीचे लाडू वाढले. पंगत कुरकुरली. डेबूजींनी ऐकून घेतलं आणि वाढत राहिले. मला यात मोठी गोष्ट दिसते. जुनी रीत मोडायची तर तिच्या जागी काहीतरी ठेवावं लागतं. नुसतं नाही म्हटलं असतं तर पंगत उपाशी उठली असती. लाडू वाढला म्हणून पंगत बसली.

मग आला 1905 सालचा फेब्रुवारी महिना. 1 तारखेला डेबूजींनी घर सोडलं. घरात म्हातारी आई, बायको, मुलं. हे सोपं नव्हतं आणि घरच्यांसाठी तर मुळीच नव्हतं. आपण संतांचं घर सोडणं कीर्तनात रंगवून सांगतो, पण चुलीपाशी राहिलेल्या माणसांचं कुणी सांगत नाही. सखुबाई आणि कुंताबाईंनी पुढची सगळी वर्षं हालात काढली. ते देणं आपल्या सगळ्यांवर आहे.

बाहेर पडताना अंगावर काय होतं? फाटकं कापड. हातात काठी. आणि एक फुटकं गाडगं. या गाडग्याचं काय सांगू! तेच ताट, तेच पाण्याचं भांडं, अन् ऊन लागलं की तीच डोक्यावरची टोपी. अंगावरचं कापड फाटलं की रस्त्यात सापडेल ती चिंधी त्याला जोडायची. एका कानात कवडी, दुसऱ्या कानात फुटक्या बांगडीची काच. लोक गोधडेबाबा म्हणायला लागले, कुणी चिंधेबाबा म्हणालं, शेवटी गाडगेबाबा हे नाव पडलं आणि राहिलं. लोकांनी जे उकिरड्यावर टाकलं त्यात बाबांचा संसार झाला. ज्याच्याकडं फुटायला काही शिल्लक नाही त्याचं नुकसान कोण करणार?

बारा वर्षं बाबा असे फिरले. वेश बघून पोरं दगड मारायची. कुत्री मागं लागायची. कुणी वेडा म्हणून हाकलायचं, कुणी चोर म्हणून धरायचं. भाकरी मागायला गेले आणि शिव्या मिळाल्या असं कितीदा झालं असेल. पण बाबांची एक पद्धत होती. फुकट खायचं नाही. कुणाचं लाकूड फोडून दे, कुणाच्या शेतात खुरपून दे, आणि त्याच्या बदल्यात भाकरी-चटणी घे. काम झालं, भाकरी मिळाली, की तिथं थांबायचं नाही. नाव व्हायला लागलं की गाव सोडायचं.

वऱ्हाडात पूर्णा नदीच्या काठी ऋणमोचन नावाचं क्षेत्र आहे. पौषात तिथं यात्रा भरते. नदीच्या काठाला काळा गाळ. आंघोळीला उतरणारी माणसं घसरायची, म्हातारी माणसं पडायची, बायाबापड्यांचे हाल व्हायचे. वर्षानुवर्षं असंच चाललं होतं. माणसं पडायची, उठायची, देवाचं नाव घ्यायची आणि घरी जायची. घाट व्हावा असं सगळ्यांना वाटत होतं, पण बांधणार कोण? पैसा कुठला? बाबांनी पैशाची वाट बघितली नाही. हातात फावडं घेतलं आणि गाळ ओढायला लागले. माती आणून टाकायची, पायऱ्या करायच्या, लोकांना उतरायला जागा करायची. एकटा माणूस काम करताना दिसला की बघणाऱ्यांना थोडी लाज वाटते. मग दोन माणसं हात लावतात, मग दहा. असं करत काम वाढलं आणि पुढं तिथं पक्का घाट उभा राहिला. बाबांची सगळी कामं याच चालीनं झाली. आधी आपले हात, मग लोकांचे हात, आणि सगळ्यात शेवटी पैसा. आपण बहुतेक वेळा उलटं करतो. आधी पावतीपुस्तक छापतो आणि काम राहून जातं.

आता कीर्तनाचं सांगतो, कारण तो माझ्या धंद्याचा भाग आहे. आपलं वारकरी कीर्तन म्हणजे मागं टाळकरी, बाजूला मृदंग, गळ्यात वीणा, अभंग घ्यायचा आणि त्याचं निरूपण करायचं. चरण पाठ पाहिजेत, दाखले पाठ पाहिजेत. मध्येच विसरलं तर आम्हा लोकांची एक जुनी युक्ती आहे. विठ्ठलनामाचा गजर लावायचा. टाळकरी रंगात आले की तेवढ्यात पुढचं आठवतं. हे सगळ्या कीर्तनकारांना माहीत आहे, फक्त कुणी बोलत नाही.

बाबांकडं यातलं काही नव्हतं. वाचता येत नव्हतं, म्हणून पोथीचा आधार नाही. साज नव्हता. सांगतात की सुरुवातीच्या काळात टाळ नसले तर दोन दगड एकमेकांवर आपटून ताल धरायचे. कुठल्या गावात आज काय बोलायचं हे ठरवलेलंही नसायचं. मग कीर्तन कसं व्हायचं? दिवस उगवल्यापासून बाबा खराटा घेऊन गाव झाडायचे. गटार, चावडी, देवळाचं आवार, सगळं. झाडता झाडता गाव कळतं, माऊली. कुणाच्या दारात दारूचा वास येतो, कुणाचं पोर शाळेत न जाता उकिरड्यावर खेळतंय, कुठल्या आळीतल्या माणसांना आडावर पाणी भरू देत नाहीत, हे सगळं खराट्याच्या टोकाला लागतं. रात्री कीर्तनाला उभं राहिले की तेच विषय. बाबा वऱ्हाडीत साधे प्रश्न विचारायचे. लोक उत्तर द्यायचे. त्या उत्तरातून पुढचा प्रश्न निघायचा. असं श्रोत्यांच्याच तोंडून त्यांचं चुकलेलं कबूल करून घ्यायचे. लोक हसायचे, आणि हसता हसता मान खाली जायची. मग गोपाळाच्या नावाचा गजर, आणि परत प्रश्न.

विषय मोजके होते. दारू सोडा. सण-तीर्थ-लग्नासाठी कर्ज काढू नका. देवापुढं मुकं जनावर कापू नका. कुणाला अस्पृश्य मानू नका. आणि पोरांना शाळेत घाला. घरात ताट नसलं तर हातावर भाकरी घेऊन खा, अंगावर हलकं कापड घाला, पण पोराची शाळा तोडू नका. आता मागं सांगितलेला मामांचा अंगठा आठवा. बापाची दारू आठवा. जे जे घाव त्या पोरानं लहानपणी खाल्ले, त्यातला एकेक घाव पुढं कीर्तनाचा विषय झाला. दुसऱ्याच्या घरात तो घाव पडू नये म्हणून माणूस गावोगाव फिरला.

तीर्थासाठी कर्ज काढू नका हे ऐकून काही जणांना वाटेल की बाबा वारीच्या विरोधात होते. तसं असतं तर पंढरीत वारकऱ्यांसाठी घरं का बांधली असती? बाबा पंढरपूरला यायचे. देवळात दर्शनाला जाण्याऐवजी ते बाहेर राहायचे आणि चंद्रभागेचं वाळवंट झाडायचे. आपण लाखांनी जातो, आंघोळ करतो, आणि मागं काय ठेवून येतो हे तुम्हाला माहीत आहे. बाबा ते उचलायचे. पांडुरंग विटेवर उभा आहे तो भक्ताची वाट बघत. बाबा भक्तांची घाण काढत उभे राहिले. दोन्ही उभेच.

त्या काळी पंढरीत अस्पृश्य मानलेल्या वारकऱ्यांचे हाल फार. पायी चालत यायचं, आणि आल्यावर राहायला ओसरी नाही, प्यायला पाणी नाही. देवळाचा दरवाजा बंद. चोखोबांची समाधी महाद्वारासमोर आहे, तिथून कळसाला हात जोडायचे आणि माघारी फिरायचं. दरवाजा उघडणं बाबांच्या हातात नव्हतं. मग हातात काय होतं? निवारा करणं होतं. तेवढं त्यांनी धरलं. 1917 साली पंढरपुरात चोखामेळा धर्मशाळेचं काम सुरू झालं. देऊळ सगळ्यांना उघडलं ते 1947 साली, साने गुरुजींनी उपोषण केलं त्यानंतर. म्हणजे मध्ये तीस वर्षं गेली. त्या तीस वर्षांत दरवाजा उघडायची वाट बघत बसले असते तर कितीतरी म्हाताऱ्या वारकऱ्यांनी पावसात रात्री काढल्या असत्या. मोठं काम अडलं म्हणून बाबांनी हातातलं काम अडवलं नाही.

पुढं पंढरीत मराठा धर्मशाळा, परीट धर्मशाळा झाल्या. नाशिक, आळंदी, देहू इथंही धर्मशाळा झाल्या. मुंबईत जे. जे. हॉस्पिटलजवळ 1954 साली रोग्यांच्या नातेवाइकांसाठी धर्मशाळा झाली. गावाकडचा माणूस दवाखान्यात दाखल झाला की त्याच्याबरोबरचं माणूस फूटपाथवर झोपतं, हे बाबांनी बघितलं होतं. सदावर्त, गोरक्षण, शाळा, वसतिगृहं, किती सांगावं. अंगावर धड कापड नसलेल्या माणसाच्या शब्दाला लाखो रुपये उभे राहिले, कारण त्यातला एक पैसा त्या माणसाच्या गाडग्यात पडणार नाही याची सगळ्यांना खात्री होती.

आणि इथं मामांचा अंगठा परत येतो. बाबा निरक्षर. सही करता येत नव्हती. पण त्यांनी उभी केलेली प्रत्येक वास्तू कागदावर पक्की केली. विश्वस्त नेमले, दस्त केले, आणि आपल्या वारसांचा, नातेवाइकांचा त्यात कसलाही हक्क राहणार नाही असं लिहवून घेतलं. ज्या माणसाचं घर कागदानं बुडवलं त्यानं कागदाचा राग धरला नाही. त्यानं कागद समजून घेतला आणि गोरगरिबांच्या बाजूनं उभा केला. बाबांनी धर्मशाळा बांधल्या हे सगळे सांगतात. पण त्या अजून उभ्या का आहेत, कुणी बळकावल्या का नाहीत, याचं उत्तर दापुऱ्याच्या त्या शेतात आहे. 1952 साली ही सगळी कामं सांभाळायला गाडगे महाराज मिशन स्थापन झालं.

आता एक प्रसंग सांगतो तो जड आहे. 1923 साल. बाबा कोकणात खारेपाटणला होते. कीर्तन चालू होतं, माणसं दाटून बसली होती. तेवढ्यात निरोप आला की मुलगा गोविंदा गेला. तरणंताठं पोर, एकुलता मुलगा. बाबांनी निरोप ऐकला आणि कीर्तन पुढं चालू ठेवलं. लोकांना वाटलं आता थांबतील. थांबले नाहीत. शेवटपर्यंत नेलं.

हा प्रसंग मी कीर्तनात सांगतो तेव्हा बायाबापड्या डोळ्याला पदर लावतात, आणि एखादा तरणा पोरगा म्हणतो की हा कसला बाप, दगड आहे. मला त्या पोराचा राग येत नाही. मी त्याला एवढंच सांगतो. शेतात पेरणी चालू आहे, वापसा आहे, आणि घरात मयत झाली. माती देऊन आल्यावर तिसऱ्या दिवशी तुझा बाप तिफण धरतोच ना? त्याला दुःख नसतं का? वापसा थांबत नाही म्हणून तो धरतो. बाबांपुढं बसलेली माणसं कोसांवरून चालत आली होती, तो त्यांचा वापसा होता. बाबांनी दुःख बाजूला ठेवलं असं मला वाटत नाही, ते अंगावर घेऊनच उभे राहिले. फक्त तिकडं कुंताबाईंच्या कुशीतून पोर गेलं आणि जवळ नवरा नव्हता, हेही आपण या प्रसंगाबरोबर आठवावं. एकाच्या सेवेची किंमत घरातल्या दुसऱ्यानं मोजलेली असते.

पुढच्या काळात बाबांची कीर्ती फार झाली. मुंबईचे मुख्यमंत्री बाळासाहेब खेर त्यांना मानायचे. प्रबोधनकार ठाकऱ्यांनी त्यांचं चरित्र लिहिलं. डॉ. बाबासाहेब आंबेडकर देशाचे कायदेमंत्री असताना 1949 साली आजारी बाबांना भेटायला आले. एक निरक्षर, एक महाविद्वान. पण दोघांचं दुखणं एक होतं आणि औषधही एकच, ते म्हणजे शिक्षण. बाबांनी पंढरपूरची चोखामेळा धर्मशाळा बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीला मुलांच्या वसतिगृहासाठी देऊन टाकली. ज्या जागेसाठी वर्षानुवर्षं खपले ती दिली, आणि हात मोकळा केला. वारकऱ्याला निवारा देणारी जागा पोरांच्या अभ्यासाची जागा झाली. गरज बदलली की जागेचा उपयोग बदलायचा, हेही बाबांना सुचायचं.

एवढं सगळं होऊन बाबांनी कुणाला शिष्य केलं नाही, कुणाचे गुरू झाले नाहीत. पाया पडायला आलेल्या माणसाला काठी दाखवायचे. मोटार मिळाली ती फिरण्यापुरती, जेवण मात्र गाडग्यातच. शेवटी शेवटी शरीर थकलं, दुखणी लागली, तरी फिरणं चालूच. 8 नोव्हेंबर 1956 रोजी मुंबईत वांद्र्याला पोलिसांपुढं त्यांचं कीर्तन झालं. ते शेवटचं ठरलं आणि ते ध्वनिमुद्रित झालेलं आहे. तुम्ही जरूर ऐका. आवाज म्हाताऱ्याचा आहे पण प्रश्न तेच आहेत.

6 डिसेंबर 1956 ला बाबासाहेब गेले. त्यानंतर चौदा दिवसांनी, 20 डिसेंबरला, गाडगेबाबांनी देह ठेवला. आजारी बाबांना अमरावतीला घेऊन चालले होते. वाटेत वलगावजवळ पेढी नदीच्या पुलावर गाडीतच प्राण गेला. ना मठ, ना घर. आयुष्यभर वाटेवर राहिलेला माणूस वाटेवरच गेला. समाधी अमरावतीला आहे. पुढं अमरावतीच्या विद्यापीठाला बाबांचं नाव दिलं गेलं. ज्याला सही येत नव्हती त्याच्या नावाचा शिक्का आज पदवीच्या कागदावर बसतो. सरकारनं 2000 साली ग्रामस्वच्छतेचं अभियान काढलं तेही त्यांच्याच नावानं.

तर माऊली हो, चरित्र इथं झालं. आता दोन शब्द आपल्या दिंडीसाठी.

आपल्या भाषेत दोन शब्दप्रयोग आहेत. एक वेळ मारून नेणं, आणि दुसरा निभावून नेणं. दोन्हीत माणूस हाताला लागेल ते घेऊन काम चालवतो. पण वेळ मारून नेतो तो स्वतःची कातडी वाचवतो, आणि निभावून नेतो तो दुसऱ्याचं काम पार पाडतो. बाबांनी जन्मभर निभावून नेलं. टाळ नव्हते तर दगड घेतले, ताट नव्हतं तर गाडगं घेतलं, देऊळ बंद होतं तर धर्मशाळा बांधली. त्यात स्वतःची सोय एकदाही बघितली नाही, म्हणून ते सगळं टिकलं.

आपल्या दिंडीनंही शंभर वर्षांत पुष्कळ निभावून नेलं आहे. दुष्काळ बघितले, पूर बघितले. कोरोनाच्या साथीत दोन वर्षं पायी वारी निघाली नाही, तेव्हा घरोघरी तुळशीपुढं हरिपाठ झाला. वीणा खाली ठेवली नाही. ही पुण्याई थोडी नाही. पण बाबांच्या चरित्रासमोर उभं राहिलं की एक गोष्ट टोचते. आपण मुक्काम सोडतो तेव्हा मागचं रान कसं दिसतं? पत्रावळ्या, प्लॅस्टिकच्या बाटल्या, द्रोण, आणि बाकीचं मी लिहीत नाही. ज्या शेतकऱ्यानं आपलं रान मुक्कामाला दिलं, तो आपण गेल्यावर काय म्हणत असेल? त्याला पुढच्या हंगामात त्याच रानात पेरायचं असतं. मी शेतकरी आहे म्हणून हे मला लागतं.

म्हणून माझी विनंती आहे. येत्या आषाढीला दिंडीच्या सामानात पखवाजाशेजारी दहा खराटे असावेत. त्यासाठी समिती नको, वर्गणी नको. ज्याच्या घरी तुरीचं पीक आहे त्यानं तुराट्यांचे खराटे बांधून आणावेत. रोज एका गावच्या वारकऱ्यांनी मुक्कामावर तासभर मागं थांबावं, रान झाडून द्यावं, आणि मग चालून दिंडी गाठावी. पाऊस असेल, कंटाळा असेल, कुणी हसेल. तरी करावं. पहिल्या दिवशी दोघं थांबले तरी चालेल. ऋणमोचनच्या गाळात बाबा एकटेच उतरले होते.

आणि दुसरी विनंती आयाबायांना आणि घरकर्त्या माणसांना. कर्ज काढून वारीला येऊ नका. ज्याला अडचण आहे त्याची भाकरी दिंडीनं बघावी. ते पैसे पोराच्या फीला जाऊ द्या. पांडुरंग रागावणार नाही, आणि गाडगेबाबा तर खूश होतील.

एवढं बोलून सेवा थांबवतो. चुकलं-माकलं पदरात घ्यावं.

राम कृष्ण हरी.